दार लावायच्या आधी

या पेजवर मी रोज येते. लोकांचे अनुभव वाचते, अर्ध्यांना हसते आणि उरलेल्यांत चुका काढते. माझा भाऊ म्हणायचा, तुझ्याकडं भूत आलं तरी तू त्याच्याकडं आधार कार्ड मागशील.

आज मीच लिहायला बसलेय आणि मला अजिबात हसू येत नाहीये.

जे लिहितेय ते खरं आहे. माझ्या सख्ख्या भावाच्या बाबतीत, माझ्या डोळ्यांदेखत घडलंय.

आणि रात्री नाही. भर दुपारी.

गेल्या वर्षीचा मे महिना. छत्रपती संभाजीनगर, चिकलठाण्याची एमआयडीसी. ऊन असं की रस्त्यावर कुत्रंसुद्धा दिसत नव्हतं.

मी श्रेया. आमचं गाव कन्नडकडचं. वडील, काकासाहेब, अजून गावी शेती बघतात. मी आणि माझा मोठा भाऊ सुदर्शन इथं एकाच लॅबमध्ये नोकरीला. राहायला पुंडलिकनगरात, एकाच घरात, मी, दादा आणि वहिनी. लॅबचं नाव मी सांगणार नाही, विचारूही नका.

आमचं काम ऐकून लोक हसतात. मोबाईलच्या टॉवरखाली एक लोखंडी कपाट असतं, बघितलं असेल तुम्ही. आत सगळी यंत्रं असतात. आम्ही त्याला कॅबिनेट म्हणतो. ते टॉवरवर जाण्याआधी आमच्याकडं येतं आणि आम्ही त्याचा छळ करतो. गोठवतो, भाजतो, मिठाच्या धुक्यात ठेवतो, धूळ मारतो, पाण्याचे फवारे सोडतो, टेबलाला बांधून गदागदा हलवतो. एवढं करून ते चालू राहिलं तर पास. मग लडाखात बर्फ पडो नाहीतर राजस्थानात वाळू उडो, तुमचा फोन लागतो.

माझी वहिनी राजनंदिनी म्हणायची, तुमच्यापेक्षा सासुरवास बरा.

या सगळ्यात एक मोठं चेंबर आहे. चेंबर म्हणजे खोलीच. माणूस उभा आत जाईल एवढी. कोल्ड स्टोरेजला असतं तसं जाडजूड दार, दारात एक छोटी तिहेरी काच, आत एक दिवा. एक बटण दाबलं की ती खोली उणे चाळीसपर्यंत गार होते. दुसरं दाबलं की सत्तरपर्यंत तापते.

आत एक घंटीचं बटणही आहे. चुकून कोणी अडकलंच, तर दाबायला.

मी तिथं लागल्यापासून ती घंटी कधी वाजली नव्हती.

वाजणार कशी? आमच्याकडं एक रीत होती. लॅबचे मालक तात्यासाहेब, त्यांचे आजोबा विहिरी फोडणारे गुत्तेदार. खाली सुरुंग भरला की माणसं दोराला धरून वर यायची. वात पेटवायच्या आधी आजोबा काठावर उभे राहून एकेकाचं नाव घ्यायचे. ज्याचं त्यानं उत्तर द्यायचं, "वर." सगळ्यांचं "वर" आल्याशिवाय काडी ओढायची नाही.

तात्यासाहेबांनी तीच रीत लॅबमध्ये आणली. चेंबरचं दार लावायच्या आधी, जो दार लावणार त्यानं उघड्या दारात उभं राहून त्या कामावरच्या सगळ्यांची नावं घ्यायची. ज्याचं त्यानं म्हणायचं, "बाहेर."

एकच नियम कडक होता.

दुसऱ्याच्या नावाला ओ द्यायची नाही.

का, ते त्यांनी कधी सांगितलं नाही. आम्हीही विचारलं नाही. सुरक्षेचा नियम म्हणून उघडच होता की.

आता दादाबद्दल सांगते. कारण सगळं त्याच्याभोवतीच आहे.

दादा माझ्याहून बराच मोठा. आई लवकर गेली, त्यामुळं माझी वेणी घालण्यापासून कॉलेजच्या फॉर्मपर्यंत सगळं त्यानंच केलं. तापट, बडबड्या, खाण्याचा शौकीन. आणि मला "चिंगे" म्हणायचा. घरात म्हणायचा ते ठीक. लॅबमध्ये, बाहेरून आलेल्या तपासणीसांसमोर, "ए चिंगे, ती पक्कड दे गं." मी इंजिनिअर, मॅडम वगैरे... सगळी इज्जत मातीत. मी किती भांडले त्याच्याशी त्या नावावरून.

आज वाटतं, कशाला भांडले.

त्या दिवशी वहिनीला डॉक्टरकडं जायचं होतं. सातवा महिना चालू होता. मागच्या वेळी डॉक्टर काहीतरी म्हणाल्या होत्या, बाळाची वाढ कमी वाटतेय, परत बघू. दादा सकाळपासून अस्वस्थ होता. चार कामं उलटीपालटी करून ठेवली त्यानं.

चेंबरमध्ये लडाखला जाणारं एक मोठं कॅबिनेट ठेवलं होतं. ते बंद ठेवून गोठवायचं आणि पूर्ण गारठलं की चालू करून बघायचं, अशी टेस्ट. कामावर आम्ही तिघं. मी, दादा आणि शिवराज.

शिवराज हा आमच्यातला नकलाकार. कोणाचाही आवाज काढायचा. तात्यासाहेबांचा काढायचा, चहावाल्याचा काढायचा, आणि दादाचा तर असा की वहिनीसुद्धा फोनवर फसली होती एकदा.

दार लावायची वेळ झाली आणि दादाचा फोन वाजला. वहिनीचा. लॅबच्या भिंती पत्र्यानं मढवलेल्या, आत जेमतेम रिंग वाजते, बोलणं तुटतं. टॉवरची यंत्रं तपासणाऱ्या लॅबमध्ये धड फोन लागत नाही, हा आमचा जुना विनोद. तो फोन घेऊन बाहेर लिंबाखाली पळाला.

मी उघड्या दारात उभी राहिले.

"शिवराज?"

"बाहेर."

"सुदर्शन?"

दादा येईपर्यंत थांबायला हवं होतं. मी थांबणारच होते. पण लगेच उत्तर आलं.

"बाहेर."

हुबेहूब दादाचा आवाज. मी वळून बघितलं, तर शिवराज ओठ दाबून हसत होता. मी त्याच्यावर डोळे वटारले.

आणि तेवढ्यात... माझ्या पाठीमागून...

"आत."

हळू. दादाचाच आवाज.

मी म्हटलं, शिवराज, पुरे झालं. हातातली फाईल त्याच्या दंडावर हाणली. तरी मन मानेना, म्हणून आत गेले. कॅबिनेटच्या मागं वाकून बघितलं. कोणी नव्हतं. मग खिडकीतून बाहेर बघितलं. दादा लिंबाखाली उभा, फोन कानाला, एक हात कपाळावर.

बाहेरच होता तो. स्पष्ट दिसत होता.

मी दार लावलं आणि बटण दाबलं.

थोड्या वेळानं दादा आत आला. चेहरा फुललेला. बाळ ठीक होतं. वजन वाढलं होतं. त्यानं शिवराजच्या पाठीत धपाटा घातला, संध्याकाळी सगळ्यांना कुल्फी म्हणाला, आणि माझ्या शेजारी खुर्ची ओढून स्क्रीनसमोर बसला.

चेंबरच्या आत ठिकठिकाणी तापमान मोजायच्या तारा असतात. प्रत्येक तारेची एक रेघ स्क्रीनवर दिसते. खोली गार व्हायला लागली की सगळ्या रेघा एकत्र खाली उतरतात. रोजचं आहे आमचं.

त्या दिवशी सगळ्या उतरल्या.

एक सोडून...

कॅबिनेटच्या मागच्या कोपऱ्यातली, खालची तार. तिची रेघ उतरायच्या ऐवजी चढत होती. हळूहळू चढून एका जागी थांबली.

सदतीस.

कोरोनाच्या काळात आपण सगळ्यांनी कपाळाला ते यंत्र लावून घेतलंय. सदतीस म्हणजे काय, हे मी वेगळं सांगायला नको.

मी म्हटलं, तार खराब झाली असेल. दादा म्हणाला, सकाळीच तपासली मी. कॅबिनेट तर बंदच होतं. आत ऊब देईल असं काहीच नव्हतं.

शिवराज मागं उभा राहून बघत होता. गंमत करावी म्हणून मी दादाला सांगितलं, तू बाहेर होतास तेव्हा यानं तुझा आवाज काढला, आधी बाहेर म्हणाला, मग आत म्हणाला.

शिवराज हसला नाही.

"बाहेर म्या म्हणलं," तो म्हणाला. "आत तर तुझ्या बाजूनं आलं. तू नव्हतीस व्हय?"

कॉम्प्रेसरचा आवाज तेवढा येत राहिला.

मग दादा म्हणाला, पंखा बंद कर.

मे महिन्यात. पत्र्याच्या शेडमध्ये. माझ्या पाठीवरून घाम वाहत होता.

मी पंखा बंद केला. दादानं शर्टाची कॉलर वर केली, दोन्ही हात काखेत घातले. त्याच्या हातावर काटा आला होता. मला वाटलं, सकाळपासून जेवला नाही, टेन्शन उतरलं, म्हणून होत असेल. शिवराज पाणी आणायला गेला.

तेवढ्यात...

घंटी वाजली.

एकदाच. अगदी थोडी. कोणाचं तरी बोट बटणावर टेकलं आणि घसरलं, एवढीच.

आम्ही दोघांनी एकमेकांकडं बघितलं. थंडीनं वायर आखडली असेल, असं मी म्हणाले. माझाच आवाज मला खोटा वाटला.

मी उठून दाराच्या काचेपाशी गेले. आत दिवा चालू होता. सगळीकडं पांढरा बर्फाचा भुरा धरलेला. कॅबिनेट जागेवर. बाकी काही नाही. मी वळणार, तेवढ्यात कॅबिनेटच्या मागून काहीतरी पांढरं बाहेर आलं...

वाफ.

एक छोटासा ढग. खालून, जमिनीपासून हातभर उंचीवरून आला आणि विरला.

थोडं थांबून परत आला.

परत विरला.

थंडीच्या दिवसांत सकाळी आपण तोंडानं काढतो तशी वाफ. कोणीतरी त्या कोपऱ्यात गुडघे पोटाशी घेऊन बसलं होतं आणि श्वास घेत होतं.

मी काचेपासून मागं सरकले.

मागून दादा म्हणाला, "चिंगे, लई गारठलंय गं."

मी वळले. त्याचे ओठ निळे पडले होते. नखं निळी. दात एकमेकांवर आपटत होते, त्याचा आवाज मला दारापाशी ऐकू येत होता. आणि त्याच्या मागं स्क्रीनवर ती कोपऱ्यातली रेघ... खाली यायला लागली होती.

सदतीसवरून छत्तीसवर. छत्तीसवरून पस्तीसवर.

रेघ जसजशी उतरत होती, तसतसा दादा खुर्चीत आक्रसत होता.

आता शहाणपणा करायची वेळ नव्हती. मी धावत जाऊन मशीन बंद केलं आणि तात्यासाहेबांना हाक मारली. ते केबिनमधून आले. दादाकडं बघितलं, स्क्रीनकडं बघितलं. शिवराज पाण्याची बाटली घेऊन दारात उभा होता. त्यांनी त्याच्याकडंच वळून विचारलं.

"त्याच्या नावाला ओ कोणी दिली?"

शिवराजनं मान खाली घातली. तात्यासाहेब त्याच्यावर रागावले नाहीत. त्यांचा चेहराच उतरला. सावकाश म्हणाले, दार उघड.

मी दार उघडलं. पांढरं धुकं जमिनीवरून सरपटत बाहेर आलं, आमच्या पायांवरून गेलं. आत कोणी नव्हतं. मी जीव मुठीत धरून कॅबिनेटच्या मागं गेले. फरशीवर सगळीकडं बर्फाचा भुरा होता.

एक जागा सोडून.

कोपऱ्यात, एक माणूस बसेल एवढी फरशी कोरडी होती. मी तिथं हात ठेवला.

ऊबदार होती.

तात्यासाहेबांनी मला बाहेर बोलावलं. म्हणाले, आता नाव घ्यायचं आणि त्यानं स्वतःच्या तोंडानं म्हणायचं. दुसरा उपाय मला माहीत नाही. ते उघड्या दारात उभे राहिले.

"सुदर्शन?"

दादाला बोलता येईना. जबडा उघडेना. मी त्याच्यापुढं गुडघ्यावर बसले, त्याचे दोन्ही हात हातात घेतले. बर्फाच्या लादीला हात लावावा तसं झालं मला. म्हटलं, दादा, एकच शब्द म्हण. वहिनी वाट बघतेय. बाळासाठी म्हण.

"सुदर्शन?"

त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं. तो माझ्याकडं बघत नव्हता. माझ्या खांद्यावरून मागं, उघड्या दाराकडं बघत होता. तिथं त्याला काय दिसलं, देव जाणे. त्यानं मान हलवली. नाही, नाही, अशी. लहान मूल हलवतं तशी.

"सुदर्शन?"

...

"बाहेर."

स्वच्छ आवाज. ना थरथर, ना अडखळणं.

आणि माझ्या हातातल्या त्याच्या हाताचा गारठा एका क्षणात गेला. ओठांवर रंग आला. त्यानं खांदे सैल सोडले, आमच्या सगळ्यांकडं बघितलं आणि हसला.

म्हणाला, "श्रेया, चहा सांग ना सगळ्यांना."

मी त्याच्या गळ्यात पडून रडले. शिवराजही रडला. तात्यासाहेबांनी दार लोटलं आणि भिंतीला टेकून उभे राहिले.

त्या क्षणी मला एवढंच कळत होतं, दादा वाचला.

दवाखान्यात नेलं. साखर, बीपी, ईसीजी, सगळं बरोबर. डॉक्टर म्हणाले, उष्णतेचा त्रास असेल. उष्णतेचा.

चेंबर बनवणाऱ्या कंपनीचा माणूस आला. तारा, घंटी, सगळं तपासलं, कशातही दोष नाही. तात्यासाहेब म्हणाले, खोली रिकामी ठेवून एकदा चालवून बघू. त्या दिवशी दादाही हजर होता. नावं घेतली, सगळ्यांनी आपापलं "बाहेर" म्हटलं.

रेघा उतरल्या.

कोपऱ्यातली उतरली नाही. चौतीसवर थांबून राहिली...

मी धसकून दादाकडं बघितलं. तो आरामात बसून वडापाव खात होता. त्याला काहीच होत नव्हतं.

तात्यासाहेबांनी मशीन बंद केलं, चेंबरच्या दाराला कुलूप घातलं. त्यांना मी नंतर एकटी भेटले आणि विचारलं, आजोबांनी नेमकं काय सांगितलं होतं? ते म्हणाले, "दुसऱ्याच्या नावाला ओ द्यायची नाही, एवढंच सांगितलं होतं पोरी. दिली तर पुढं काय होतं, ते मी विचारलं होतं. तर उठून गेले होते."

त्यानंतर दादा चांगला राहायला लागला. खरंच चांगला. आधी भाजीत मीठ कमी पडलं तरी घर डोक्यावर घ्यायचा. आता समोर येईल ते गपगुमान खातो. वहिनीवर आवाज चढवत नाही. गावी गेला की वडिलांच्या शेजारी तासन्‌तास बसतो. वडील खूश. म्हणतात, बाप होणार म्हणून पोराला अक्कल आली.

वहिनी फक्त एकदा सहज बोलून गेली, यांना हल्ली कूलरच लागत नाही.

श्रावणात मुलगी झाली. त्याच महिन्यात राखी आली. मी दादाला राखी बांधायला त्याचा हात हातात घेतला.

हात गार नव्हता.

गरमही नव्हता.

खोली जेवढी होती, तेवढाच होता.

आमच्या कामात पहिल्याच दिवशी एक गोष्ट शिकवतात. चालू असलेलं यंत्र आजूबाजूच्या हवेपेक्षा नेहमी थोडं गरम असतं. बंद यंत्र मात्र ज्या खोलीत ठेवाल, त्या खोलीएवढंच गार-गरम होतं. मी तो हात धरून किती वेळ बसले कोण जाणे. वहिनीनं ओवाळायची आठवण करून दिली, तेव्हा सोडला.

मग बारसं झालं. आत्या म्हणून मीच बाळाच्या कानात नाव सांगितलं, सृष्टी. पाठीवर बायकांचे धपाटे खाल्ले. सगळे हसत होते. त्या गडबडीत मी दादाला चेष्टेनं म्हटलं, आता नवीन चिंगी आली म्हणून जुन्या चिंगीला विसरलास का? इतक्या दिवसांत एकदाही चिंगे म्हणाला नाहीस.

तो हसून माझ्याकडं बघत राहिला.

"कोण चिंगी?"

थट्टा करत असेल, म्हणून मी वाट बघितली. तो थट्टा करत नव्हता.

तेव्हापासून मला घरात झोप येत नाही. हे मी कोणाला सांगू? वहिनीला? तिच्या मांडीवर लेकरू आहे, घरात सुख आहे. वडिलांना? त्यांचा एकुलता एक मुलगा त्यांच्याशी कधी नव्हे ते दोन शब्द गोड बोलतोय. आणि सांगणार तरी काय? की तुमच्या मुलाचा हात खोलीएवढा आहे?

पण चेंबरला कुलूप होतं. मी मनाला समजावत होते, कुलूप आहे तोवर आत कोणी असलंच तरी त्याला थंडी नाही, ऊन नाही. नुसता अंधार आहे.

अंधाराचं मला वाईट वाटायचं. दादाला लहानपणी अंधाराची भीती होती. जेवणाच्या सुट्टीत मी त्या दारापाशी खुर्ची टाकून डबा खायचे. लोकांना वाटायचं, तिथं गार लागतं म्हणून बसते.

मागच्या आठवड्यात एक कॅबिनेट आलं. राजस्थानला जाणारं, दुसऱ्या कुठल्याच चेंबरमध्ये मावणार नाही असं. तात्यासाहेबांनी बराच विचार केला. शेवटी नारळ फोडून कुलूप काढलं. म्हणाले, झालं ते झालं, बरेच महिने लोटले.

टेस्ट गरमीची. सत्तर अंश. दिवस-रात्र.

काल दुपारी कॅबिनेट आत ठेवलं आणि मी उघड्या दारात उभी राहिले. माझ्या मागं शिवराज आणि दादा.

"शिवराज?"

"बाहेर." नकला त्यानं केव्हाच सोडल्यात.

"सुदर्शन?"

"बाहेर." स्वच्छ. लगेच.

मी दाराच्या कडीला हात लावला.

आणि कॅबिनेटच्या मागून... अगदी हळू... दातांवर दात आपटत...

"चिंगे..."

कडी मी तशीच धरून ठेवली.

"चिंगे, लई अंधार हाय गं."

मी शिवराजकडं बघितलं. त्याला काही ऐकू आलं नव्हतं. तो मोबाईल खिशात ठेवत होता.

मग मी दादाकडं बघितलं.

त्याला ऐकू आलं होतं. तो माझ्याकडंच बघत होता. हसत होता, तसाच, चांगल्या माणसासारखा. पुढं आला, माझ्या हातावर त्याचा हात ठेवला. तो खोलीएवढाच होता.

म्हणाला, "लाव दार, श्रेया."

मी दार लावलं नाही. आधी चहा पिऊन घ्या म्हटलं आणि मग सांगितलं, दाराचं रबर फाटलंय, उष्णता बाहेर येईल, टेस्ट घेता येणार नाही. तात्यासाहेबांनी येऊन बघितलं. रबर खरंच फाटलेलं होतं. दादा चहाला गेला तेवढ्या वेळात मीच ते ब्लेडनं कापलं होतं.

रात्रभर जागी आहे. आत जाऊन त्याचं नाव घेतलं, तर तो बाहेर येईल का? आणि तो बाहेर आला, तर पलीकडच्या खोलीत सृष्टीला मांडीवर घेऊन बसलेला जो आहे, तो कुठं जाईल? तुमच्यापैकी कोणाच्या घरात विहिरी फोडायचं काम असेल, कोणी आजोबा-पणजोबांकडून याचं पुढचं काही ऐकलं असेल, तर मला लिहा. कितीही वाईट असलं तरी लिहा.

नवीन रबर सोमवारी येतंय. बसवायचं काम दादानं स्वतःकडं मागून घेतलंय.